सोयरीक जुळवायला आलेला गवई

अध्यक्ष महाराज आणि रसिक मित्रहो,

निमंत्रणपत्रिकेत विषय छापलाय, 'बरोक काळातले तीन जर्मन दरबार : संगीत आणि राजकारण'. बरोक म्हणजे साधारण १६०० ते १७५० चा काळ. तीन दरबार म्हणजे हॅनोव्हर, ड्रेस्डेन आणि बर्लिन. पंचेचाळीस मिनिटं, तीन दरबार, प्रत्येकी पंधरा. निघताना हे गणित बायकोला सांगितलं, तर ती म्हणाली, तुमची पंचेचाळीस हॅनोव्हरलाच संपणार. बघू या.

आधी थोडा नकाशा. तेव्हा जर्मनी असा एक देशच नव्हता. पवित्र रोमन साम्राज्य नावाची एक मोठी गोधडी होती आणि तिला तीनशेच्या वर ठिगळं. १६४८ मध्ये वेस्टफालियाचा तह झाला आणि प्रत्येक ठिगळाला परक्या सत्तांशी परस्पर तह करायची मुभा मिळाली. सम्राटाच्या विरोधात नको, एवढीच अट. सम्राट निवडायचा हक्क मात्र मोजक्या आठ जणांना. त्यांना म्हणायचं इलेक्टर. मग बाकीच्यांची धडपड कशासाठी? नववी खुर्ची मिळवण्यासाठी. फ्रान्ससारखी फौज उभी करायची ऐपत बहुतेकांची नव्हती, पण वीस वादक आणि चार इटालियन गायक पदरी ठेवता येत. आलेला परका वकील (आपल्या पेशवाईतल्या अर्थाने वकील, काळ्या कोटातला नव्हे) रात्री ऑपेरा बघायचा आणि सकाळी आपल्या धन्याला खलिता लिहायचा की इथे पैसा आहे आणि हिंमतही आहे. माझं वीस वर्षांपासूनचं म्हणणं असं, की या दरबारांचं निम्मं परराष्ट्र खातं गाण्याच्या दालनात बसायचं.

आणि याचा पुरावा म्हणजे माझा माणूस. आगोस्तिनो स्टेफानी. हात वर करा, कुणी ऐकलंय? एक. तुम्ही माझे शेजारी, तुम्ही धरायचे नाही.

ही माझी जुनी तक्रार आहे. पाश्चात्त्य संगीत म्हटलं की आपल्याकडे बाख, मोझार्ट, बेथोव्हन असे तीन फोटो भिंतीवर, आणि हार घालून आपण मोकळे. मी हॅनोव्हरला गेलो होतो तेव्हा स्टेफानीचं नाट्यगृह कुठे होतं म्हणून विचारत फिरलो. एका वाटाड्याने मला अत्यंत आदराने एका इटालियन हॉटेलात नेऊन सोडलं. पिझ्झा बरा होता. ते नाट्यगृह आता उरलेलं नाही. ते ज्या राजवाड्यात होतं तिथे लोअर सॅक्सनीची विधानसभा भरते. तुम्ही हसलात, मी काहीच बोललो नव्हतो.

तर स्टेफानी. जन्म १६५४, व्हेनिसजवळच्या कास्तेलफ्रांकोचा. आवाज गोड. बव्हेरियाच्या इलेक्टरने ऐकला आणि पोराला १६६७ मध्ये थेट म्युनिकला घेऊन गेला. तिथे तो ऑर्गन शिकला, रोमला जाऊन रचना शिकला, १६८० मध्ये धर्मगुरूची दीक्षाही घेतली. आता गंमत बघा. म्युनिकच्या तरुण इलेक्टरचं, माक्स एमान्युएलचं, लग्न व्हायचं होतं. हॅनोव्हरची झोफी शार्लोट हे स्थळ सुचलं. बोलणी करायला कोणाला पाठवलं? कारभारी नाही, सेनापती नाही. हा गवई! कारण गवयाला कुणी अडवत नाही. तो दिवाणखान्यात बसतो, मुलीच्या आईला नवी चीज ऐकवतो आणि ऐकवता ऐकवता हुंड्याचा अंदाज घेतो. सोयरीक फिसकटली. माक्सने सम्राटाची मुलगी केली, आणि झोफी शार्लोट ब्रांडेनबुर्गला, म्हणजे बर्लिनच्या दरबारात, दिली. तिचं नाव लक्षात ठेवा, ती पुढे परत भेटेल. वेळ उरला तर.

मध्यस्थ मात्र हॅनोव्हरकरांच्या डोळ्यांत भरला. म्युनिकला संगीतप्रमुखाची जागा दुसऱ्याला दिली, तेव्हा १६८८ मध्ये हा हॅनोव्हरला आला. ड्यूक एर्न्स्ट आउगुस्टने नुकतं नाट्यगृह बांधलं होतं आणि त्याला ती नववी खुर्ची हवी होती. १६८९ च्या जानेवारीत पडदा उघडला. ऑपेरा कुठला? 'एन्रिको लेओने', म्हणजे हाइनरिश सिंह. याच घराण्याचा पूर्वज, पाचशे वर्षांपूर्वी सॅक्सनी आणि बव्हेरिया दोन्ही हातात असलेला. जहाज आहे, वादळ आहे, सिंह आहे, आणि या सगळ्याच्या आडून एकच निरोप आहे, की आम्ही काल उगवलेलो नाही! याच दरबारात घराण्याचा इतिहास लिहायला दुसरा एक माणूस नेमला होता, त्याचं नाव लायब्निट्स, तोच तत्त्वज्ञ. त्याचा इतिहास सन १००५ पर्यंत आला आणि तो वारला. गवयाने काम वेळेत दिलं. १६९२ मध्ये हॅनोव्हरला इलेक्टरपद मिळालं. एका ऑपेरामुळे मिळालं असं मी म्हणत नाही. सम्राटाला तुर्कांविरुद्ध सैन्य हवं होतं. पण सैन्याची गाणी कोण ऐकतो?

मग स्टेफानीची रवानगी ब्रसेल्सला, परत त्याच माक्स एमान्युएलकडे (तो तेव्हा तिथला सुभेदार होता). काम काय, तर त्याला फ्रान्सच्या नादी लागू द्यायचं नाही. १७०२ मध्ये माक्स फ्रान्सच्याच बाजूने गेला. या माणसाची त्या माणसाशी बोलणी दुसऱ्यांदा फिसकटली. पुढे ड्युसेलडॉर्फ. १७०६ मध्ये बिशप झाला, पण कुठला? स्पिगाचा, आशिया मायनरमधल्या एका मुलखाचा, जिथे त्याने कधी पाऊल टाकलं नाही. बिशपने ऑपेरा लिहिणं शोभत नाही, म्हणून रचना स्वतःच्या नकलनविसाच्या, ग्रेगोरिओ पिवाच्या नावावर जायला लागल्या. आपल्याकडे...

हो, चिठ्ठी आली. सात मिनिटं. घरचं गणित बरोबर होतं.

संगीतकार हँडेल धावत सांगतो. १७१० मध्ये हॅनोव्हरला लागला, हजार थालर (तिथली चांदीची नाणी) पगार, आणि लगेच लंडनला. मालक, म्हणजे हॅनोव्हरचा इलेक्टर, रुसला, मग थेम्सवर 'वॉटर म्युझिक' वाजवून त्याने मालकाला मनवलं, ही गोष्ट तुम्ही ऐकली असेल. गोष्ट छान आहे, खरी नसावी. १७१३ मध्ये हॅनोव्हरच्या लंडनमधल्या प्रतिनिधीने लिहिलेलं पत्र आहे. इंग्लंडच्या राणी ॲनचा वैद्य हँडेलचा दोस्त आहे आणि राणीच्या तब्येतीची बातमी त्याच्याकडून मिळू शकते, असं त्यात आहे. राणी गेली की गादी कोणाला? हॅनोव्हरला! पुढच्याच वर्षी मिळाली.

ड्रेस्डेन. तिथला लुथरन, म्हणजे प्रोटेस्टंट, इलेक्टर आउगुस्ट पोलंडच्या गादीसाठी १६९७ मध्ये कॅथलिक झाला. बायको झाली नाही, प्रजाही झाली नाही. १७१९ मध्ये मुलाला सम्राट योसेफची मुलगी आणली आणि लग्नात लोत्ती या संगीतकाराचा 'तेओफाने' हा ऑपेरा करवला. त्यात जर्मन सम्राटाच्या मुलाला बायझंटाइनची राजकन्या मिळते. व्याह्यांना कळलं असणार. त्याच मुलाला, तो गादीवर आल्यावर, १७३३ मध्ये लुथरन बाखने कॅथलिक पद्धतीची मिस्सा (प्रार्थनेची संगीतरचना) अर्पण केली आणि सोबत दरबारी पदवीचा अर्ज जोडला. पदवी यायला तीन वर्षं लागली.

बर्लिन, दोन मिनिटं. झोफी शार्लोट आठवते ना? नवरा १७०१ मध्ये प्रशियाचा राजा झाला आणि ही राणी. स्वतः हार्पसिकॉर्ड वाजवायची, इटालियन संगीतकार कोरेल्लीने आपल्या सोनाटा (वाद्यरचना) तिला अर्पण केल्या. १७०५ मध्ये ती गेली. मुलगा फ्रीड्रिश विल्हेल्म शिपायांचा शौकीन. १७१३ मध्ये गादीवर बसला आणि अख्खा वाद्यवृंद काढून टाकला. त्यांतले चांगले वादक क्यूटनच्या छोट्या दरबाराने उचलले. तिथे १७१७ मध्ये बाख आला, वायमारमध्ये नोकरीतून सुटका मागितली म्हणून चार आठवडे कोठडीत काढून. आणि १७२१ मध्ये त्याने सहा कॉन्चेर्टोंची, म्हणजे वाद्यवृंदाच्या रचनांची, वही कोणाला पाठवली? ब्रांडेनबुर्गच्या मारग्राफला (ही राजघराण्यातली पदवी), बर्लिनला. त्या वादकांना जिथून हाकललं, तिथेच.

माइकवाले दादा, दिवे घालवू नका. स्टेफानीचं एक द्वंद्वगीत आणलंय, दोन सोप्रानो (उंच पट्टीचे आवाज), सहा मिनिटांचं. चिठ्ठी आहे, मला दिसतेय. मी तीनच मिनिटं वाजवतो.