एका मिनिटात 42 शब्द: अमेरिकेतल्या शाळांत आयईपी कसा बनतो

[दृश्य: टेबलावर छापील परिच्छेद, शेजारी स्टॉपवॉच. मुलाचं बोट ओळीवरून सरकतंय.]

मुलगा मोठ्याने वाचतोय. समोर बसलेल्या विशेष शिक्षिकेकडे त्याच परिच्छेदाची दुसरी प्रत आहे; शब्द चुकला की त्या त्यावर तिरकी रेघ मारतात. एक मिनिट होतं, घड्याळ थांबतं. 51 शब्द वाचून झाले, त्यातले 9 चुकले. त्या कोपऱ्यात लिहितात, 42. मुलगा चौथीत आहे आणि परिच्छेद दुसरीचा.

हा मुलगा आपण उदाहरणापुरता घेतलाय. पण 42 हा आकडा लक्षात असू द्या. पुढे बैठक होईल, सह्या होतील, मुलाच्या खास शिक्षणाचा कित्येक पानांचा आराखडा, म्हणजे आयईपी, तयार होईल, आणि त्या सगळ्याचा भार शेवटी या आकड्यावरच पडेल.

[दृश्य: जुन्या वर्गखोलीचं कृष्णधवल छायाचित्र.]

29 नोव्हेंबर 1975 रोजी राष्ट्राध्यक्ष जेराल्ड फोर्ड यांनी एका कायद्यावर सही केली. तोवर अपंग मुलाला 'आमच्याकडे सोय नाही' म्हणून परत पाठवणं अमेरिकेतल्या शाळांना सहज जमत होतं. नव्या कायद्याने अशा प्रत्येक मुलाला मोफत आणि योग्य सार्वजनिक शिक्षणाचा हक्क दिला. 1990 पासून हा कायदा 'आयडीईए' या नावाने ओळखला जातो. हा हक्क एकेका मुलासाठी कागदावर उतरतो तो आयईपीमध्ये, म्हणजे त्या मुलापुरत्या शिक्षण-आराखड्यात. 2022-23 या शालेय वर्षात 3 ते 21 वयोगटातली सुमारे 75 लाख मुलं या कायद्याखाली सेवा घेत होती. सरकारी शाळांतल्या दर 100 विद्यार्थ्यांमागे साधारण 15.

[दृश्य: हाताने लिहिलेलं पत्र. तारखेवर कॅमेरा स्थिर.]

सुरुवात पत्राने करावी. फाटकाशी उभं राहून शिक्षकांना 'याला जरा तपासून बघा ना' म्हटलं, तर ते हवेत विरतं. तारीख घातलेलं पत्र किंवा ईमेल गेला, की शाळेला दोनच वाटा उरतात: मूल्यमापनासाठी संमती मागायची, नाहीतर नकार कारणांसह लेखी द्यायचा. 'आधी वर्गात थोडे प्रयत्न करू, मग बघू' हे उत्तर फार वेळा मिळतं. वर्गातले प्रयत्न जरूर चालू ठेवावेत, पण ते सांगून मूल्यमापन लांबवता येत नाही, हे केंद्रीय शिक्षण खात्याने 2011 मध्येच राज्यांना कळवलंय.

पालकांनी संमतीवर सही केली की 60 दिवसांत मूल्यमापन पुरं व्हायला हवं. राज्याने स्वतःची मुदत ठरवली असेल, तर ती लागू होते.

इथे एक गैरसमज हमखास होतो. डॉक्टरांचं निदान हातात आहे, म्हणजे आयईपी मिळणारच, असं पालक धरून चालतात. कायदा दोन प्रश्न विचारतो. अपंगत्व ठरवून दिलेल्या 13 प्रकारांपैकी एकात बसतं का? आणि त्यामुळे शिक्षणावर असा परिणाम होतो का, की मुलाला खास पद्धतीने शिकवावंच लागेल? दुसऱ्याचं उत्तर 'नाही' आलं, तर आयईपी होत नाही. नुसती परीक्षेत जादा वेळ, पुढच्या बाकावर जागा अशी सोय पुरेशी असेल, तर 1973 च्या पुनर्वसन कायद्यातल्या कलम 504 चा वेगळा आराखडा असतो. मूल्यमापनाचा निष्कर्ष पटला नाही, तर शाळेच्या खर्चाने बाहेरच्या तज्ज्ञाकडून ते करून घ्यायची मागणी पालक करू शकतात. मग शाळेने खर्च तरी करायचा, नाहीतर आपलं मूल्यमापन योग्य होतं हे सुनावणीत सिद्ध करायचं.

[दृश्य: लांब टेबल, खुर्च्या, पाण्याच्या बाटल्या.]

पात्रता ठरली, की 30 दिवसांत बैठक. टेबलाभोवती पालक, मुलाच्या नेहमीच्या वर्गाच्या शिक्षिका, विशेष शिक्षिका, चाचण्यांचे निकाल समजावून सांगू शकेल अशी व्यक्ती आणि स्कूल डिस्ट्रिक्टचा, म्हणजे त्या भागातल्या सरकारी शाळा चालवणाऱ्या संस्थेचा, प्रतिनिधी. हा शेवटचा माणूस बहुतेक वेळ गप्प असतो, पण सेवा मंजूर करण्याचा अधिकार त्याच्याकडे असतो. 'वर विचारून सांगतो' म्हणणारा माणूस तिथे बसला असेल, तर चुकीचा माणूस पाठवलाय. पालकांना इंग्रजी नीट समजत नसेल, तर दुभाष्याची व्यवस्था शाळेने करायची. मग भाषा मराठी का असेना. त्यासाठी घरातल्या मोठ्या मुलीला सोबत न्यायची गरज नाही.

शाळा मसुदा तयार करून आणते, यात वावगं काही नाही. पण निर्णयही आधीच घेऊन ठेवला असेल आणि बैठक फक्त सह्यांपुरती असेल, तर तो कायद्याचा भंग ठरतो. मसुदा दोन-तीन दिवस आधी मागून घ्यावा. 50 मिनिटांच्या बैठकीत एवढी पानं कुणाच्याच डोक्यात शिरत नाहीत.

[दृश्य: मसुद्याचं पान. एका ओळीखाली पेन्सिलची रेघ.]

आता आपला 42. आराखड्याचा पहिला भाग म्हणजे मुलाची सध्याची पातळी. बिघाड बहुतेक इथेच होतो. मसुद्यात लिहिलेलं असतं, 'वाचनात अडचण आहे, प्रयत्न चांगले करतो.' वाचायला गोड, कामाला शून्य. मुलगा आज कुठे उभा आहे हे या वाक्यातून कळत नाही, त्यामुळे वर्षाने तो पुढे सरकला का, हेही कुणाला सांगता येणार नाही. त्याऐवजी असं लिहा: 'दुसरीच्या पातळीचा अनोळखी परिच्छेद मोठ्याने वाचताना मिनिटाला 42 शब्द बरोबर, दोन स्वर जोडून आले (जसं ea, oa) की अडखळतो.'

यावरून उद्दिष्ट जवळपास आपोआप निघतं. 36 आठवडे, दर आठवड्याला एक शब्दाची वाढ, म्हणजे 42 अधिक 36, 78. 'त्याच पातळीचा परिच्छेद मिनिटाला 78 बरोबर शब्दांच्या वेगाने, सलग तीन चाचण्यांत.' यात काय मोजायचं, कशावर, किती आणि किती वेळा, हे सगळं आलं. '80 टक्के अचूकतेने वाचन सुधारेल' असली वाक्यं संगणकातल्या तयार यादीतून उचललेली असतात. 80 टक्के कशाचे, हे विचारलं की टेबलाभोवती शांतता पसरते.

[दृश्य: सेवांचा तक्ता. रकाने एकेक करून उजळतात.]

मग सेवांचा तक्ता. शिकवणं असो की स्पीच थेरपी, प्रत्येक सेवेपुढे चार गोष्टी हव्यात: कधीपासून, आठवड्यातून किती वेळा, दर वेळी किती मिनिटं, कुठे. 'वाचनाचं खास अध्यापन, आठवड्यातून 4 वेळा, 30 मिनिटं, वेगळ्या खोलीत.' हेच 'महिन्याला 480 मिनिटं' असं लिहिलं, तर बेरीज तीच राहते, पण महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात सगळं कोंबलं तरी कागद खोटा पडत नाही. आणि 'गरजेनुसार' हा शब्द दिसला की तो तिथेच खोडायला लावावा. गरज कुणी ठरवायची, हे त्यात कुठेच लिहिलेलं नसतं. किती मिनिटं द्यायची हे मुलाच्या गरजेवर ठरतं, थेरपिस्टच्या वेळापत्रकात किती जागा मोकळी आहे त्यावर नव्हे.

'कुठे' हा रकाना छोटा दिसतो, पण वाद सर्वांत जास्त त्याच्यावरून होतात. नियम असा की मूल शक्य तितकं इतर मुलांसोबतच शिकलं पाहिजे. बाहेर काढायचं, तर किती वेळ आणि का, याचं उत्तर आराखड्यात द्यावं लागतं.

सवलत आणि बदल यांतला फरकही इथेच पाहून घ्यावा. गणिताचा प्रश्न वाचून दाखवणं ही सवलत. प्रश्न तोच राहतो. इतरांना 20 गणितं आणि याला त्याहून सोप्या पातळीची 8, हा बदल. काही राज्यांत अशा बदलांचा परिणाम पुढे शाळा पूर्ण केल्यावर मिळणाऱ्या प्रमाणपत्रावर (डिप्लोमावर) होतो, तेव्हा त्यावर मान डोलावण्याआधी विचारून घ्यावं.

[दृश्य: आलेखाचा कागद. ठिपके, आणि त्यांच्यावरून जाणारी तिरकी रेघ.]

पहिल्यांदा सेवा सुरू करायला पालकांची लेखी संमती लागते. ती मिळाली की काम सुरू. दर आठवड्याला तेच एक मिनिट, नवा परिच्छेद, आलेखावर एक ठिपका. 42 पासून 78 पर्यंत आखलेली रेघ ही अपेक्षा. सलग चार ठिपके रेघेखाली गेले, तर शिक्षिका शिकवण्याची पद्धत बदलतात. जूनपर्यंत, म्हणजे तिथलं शालेय वर्ष संपेपर्यंत, वाट बघत बसत नाहीत. बऱ्याच शाळांत मात्र प्रगती-अहवालात 'पुरेशी प्रगती' एवढा एकच शिक्का येतो. पालकांनी त्यामागचे ठिपके मागावेत.

'पुरेशी' म्हणजे किती, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. 2017 मध्ये कोलोरॅडोतल्या एका ऑटिस्टिक मुलाच्या, एंड्रू एफ. खटल्यात न्यायालयाने एकमताने सांगितलं की नावापुरती प्रगती चालणार नाही. मुलाची परिस्थिती पाहता योग्य ठरेल अशी प्रगती साधता यावी, या बेताने आराखडा आखला पाहिजे. त्या मुलाच्या आराखड्यांत वर्षानुवर्षं बरीचशी तीच ती उद्दिष्टं पुढे ढकलली जात होती.

वाद मिटलाच नाही, तर मध्यस्थी, राज्याकडे तक्रार किंवा सुनावणी, असे मार्ग आहेत. सुनावणी चालू असताना, काही अपवाद वगळता, मुलाची आधीची व्यवस्था तशीच ठेवावी लागते.

[दृश्य: तेच टेबल, तेच स्टॉपवॉच. परिच्छेद नवा.]

वर्षातून किमान एकदा आराखडा पुन्हा उघडतो आणि किमान दर तीन वर्षांनी नव्याने मूल्यमापन होतं. ते नको असेल, तर पालक आणि शाळा दोघांचं तसं ठरावं लागतं. आपला मुलगा समजा 71 वर पोचला. उद्दिष्ट 78 होतं. आळस केला, तर जुनंच वाक्य नव्या तारखेखाली चिकटवलं जातं. काम नीट होणार असेल, तर शिक्षिका आलेख टेबलाच्या मधोमध ठेवतात आणि जानेवारीत ठिपके का घसरले होते, हे आधी बघतात. त्या महिन्यात 16 पैकी किती तासिका खरंच झाल्या, याची नोंद शेजारच्याच फाइलमध्ये असते.