एकमताचा कायदा, साडेतेरा वर्षांचा युक्तिवाद

विधिमंडळ कायदा करते, न्यायालय त्याचा अर्थ लावते आणि वकील पक्षकाराची बाजू मांडतो, ही शालेय नागरिकशास्त्रातली मांडणी चुकीची नाही. मात्र सार्वजनिक धोरण प्रत्यक्षात कसे घडते, हे तिच्यावरून उमगत नाही. ते समजून घेण्यासाठी आज मी महाराष्ट्रातल्या डान्सबार बंदीचे प्रकरण निवडले आहे, कारण त्यात ही तिन्ही माणसे आपापली कामे सोडून एकमेकांची कामे करताना दिसतात.

तत्कालीन गृहमंत्री आर. आर. पाटील यांच्या पुढाकाराने २००५ साली मुंबई पोलीस अधिनियमात दोन कलमे घालण्यात आली. कलम ३३-अ ने उपाहारगृहे, परमिट रूम आणि बिअर बार यांतील नृत्याला बंदी केली. कलम ३३-ब ने नाट्यगृहे, क्लब आणि तीन वा अधिक तारांकित हॉटेले यांना त्या बंदीतून वगळले. विधानसभेत हे विधेयक एकमताने संमत झाले. एकमताचे आपल्याला फार कौतुक असते, पण ज्या विधेयकाला सभागृहात एकही विरोधक मिळत नाही, त्याची उलटतपासणी करायलाही तिथे कोणी उरत नाही. तारांकित हॉटेलात जे नृत्य चालते ते रस्त्यापलीकडच्या परमिट रूममध्ये का चालू नये, हा साधा प्रश्न एखाद्या आमदाराने विचारायला हवा होता. तो विचारला वकिलांनी, मुंबई उच्च न्यायालयात.

आता वकिलांचे काम थोडे जवळून पाहू. बारमालकांच्या संघटनेचा मुद्दा व्यवसाय-स्वातंत्र्याचा होता. बारबालांची संघटना आणि तिच्या बाजूने उभ्या राहिलेल्या स्त्री-संघटना यांचा मुद्दा उपजीविकेचा होता. या दोघांचे हितसंबंध एक नव्हते, किंबहुना एरवी ते परस्परविरोधीच असते. काही संस्था तर बंदीच्याच बाजूने न्यायालयात उतरल्या. एसएनडीटी महिला विद्यापीठाच्या स्त्री-अभ्यास केंद्राने केलेल्या पाहण्या याचिकांसोबत दाखल झाल्या, तर शासनाने टाटा समाजविज्ञान संस्थेच्या 'प्रयास' या प्रकल्पाच्या अहवालाचा आधार घेतला. म्हणजे या स्त्रिया कोण, कुठून येतात, त्यांना कोणी फसवून आणले आहे का, याची जी चौकशी विधिमंडळाच्या समितीपुढे साक्षी घेऊन व्हायला हवी होती, ती कायदा झाल्यानंतर प्रतिज्ञापत्रांतून झाली. एप्रिल २००६ मध्ये न्या. रिबेलो आणि न्या. रोशन दळवी यांच्या खंडपीठाने समानतेच्या आणि व्यवसाय-स्वातंत्र्याच्या हक्कांचा भंग होतो म्हणून ही कलमे रद्द केली. शासन सर्वोच्च न्यायालयात गेले आणि अपील निकाली निघेपर्यंत बंदी चालूच राहिली. जिंकलेल्या पक्षाच्या हाती सात वर्षे निकालपत्राच्या प्रतीखेरीज काही पडले नाही.

जुलै २०१३ मध्ये सरन्यायाधीश अल्तमस कबीर आणि न्या. निज्जर यांनी उच्च न्यायालयाचा निर्णय कायम केला. श्रीमंतांची नीतिमत्ता नृत्य पाहून ढळत नाही आणि सामान्यांची मात्र ढळते, हे गृहीतक न्यायालयाने स्वीकारले नाही. बंदीमुळे ७५ हजारांहून अधिक स्त्रियांचा रोजगार गेल्याचीही नोंद निकालात आहे.

यानंतर विधिमंडळाने जे केले, ते मला या प्रकरणातले सर्वांत बोलके वाटते. निकाल त्यांनी एखाद्या हुशार वकिलाने वाचावा तसा वाचला: आक्षेप भेदभावाला आहे ना, मग भेदभावच काढून टाकू. जून २०१४ मध्ये सूट देणारे कलम गेले आणि बंदी तारांकित हॉटेलांनाही लागू झाली. विधेयकावर चर्चाही झाली नाही. उपजीविकेबद्दल निकालात जे म्हटले होते, त्याला या दुरुस्तीत कुठेही उत्तर नव्हते. ऑक्टोबर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला स्थगिती दिली.

मग २०१६ चा स्वतंत्र कायदा आला. त्यात 'बंदी' हा शब्द अश्लील नृत्यापुरता उरला, पण नियमांची जाळी अशी विणली होती की परवाना कोणाच्या हाती लागू नये. शिक्षणसंस्था आणि धार्मिक स्थळांपासून एक किलोमीटर अंतर, नृत्य असेल तिथे मद्य नाही, आत सीसीटीव्ही, मालकाचे चारित्र्य चांगले. शाळा किंवा देऊळ एक किलोमीटरच्या आत नाही अशी जागा दादर-गिरगावात सोडाच, उपनगरांतही दाखवणे कठीण. जानेवारी २०१९ मध्ये न्या. सिक्री आणि न्या. अशोक भूषण यांनी या अटी रद्द केल्या. संध्याकाळी सहा ते रात्री साडेअकराची वेळ ठेवली, दौलतजादा करण्यावरची, म्हणजे नाचणाऱ्यांवर नोटा उधळण्यावरची, बंदी ठेवली, बक्षिसी देण्याला मात्र मुभा दिली. २००५ पासून एकही परवाना दिला गेलेला नाही, हेही त्यांनी नोंदवले.

न्यायालयाने शासनाचे काम बळकावले, अशी तक्रार या निकालांनंतर ऐकू आली. मला ती पटत नाही, कारण न्यायालयाने नवे धोरण आखले नाही, फक्त आखलेले खोडले. मात्र खोडण्याच्या अधिकाराची मर्यादाही इथेच दिसते. २०१३ च्या निकालात न्यायालयाने या स्त्रियांच्या कामाची परिस्थिती सुधारण्याच्या उपायांकडे शासनाचे लक्ष वेधले होते. त्या उपायांसाठी तरतूद, यंत्रणा आणि निधी लागतो, आणि तो अर्थसंकल्पात मंजूर करण्याचा अधिकार ना खंडपीठाकडे आहे, ना याचिकाकर्त्याच्या वकिलाकडे. तो ज्या सभागृहाकडे आहे, तिथे या विषयावर तीनदा कायदा झाला आणि तिन्ही वेळा कायद्याचा भर नाचावर राहिला, नाचणाऱ्या बाईच्या पगारावर नाही.