ब्रूनोची चाल

बीड जिल्ह्यातील एका जिल्हा परिषद शाळेच्या अंगणात दोन लिंबांच्या मध्ये पांढरी चादर ताणून बांधली जात आहे. खालच्या टोकांना विटा बांधल्या आहेत, कारण वाऱ्याने चादर फुगली की चित्र हलते. समोर बसलेली बहुतेक मुले हंगामी वसतिगृहातील आहेत. त्यांचे आईवडील दिवाळीनंतर कोयता घेऊन ऊसतोडीला गेले, ते हंगाम संपल्यावरच परततील.

आज या चादरीवर १९४८ सालचे रोम दिसणार आहे. ‘बायसिकल थीव्हज’ या चित्रपटात भिंतींवर पोस्टर चिकटवण्याची नोकरी मिळालेल्या एका बेकार माणसाची सायकल पहिल्याच दिवशी चोरीला जाते, आणि तो व त्याचा मुलगा ब्रूनो ती शोधत शहरभर पायी फिरतात.

ब्रूनो झालेला एन्झो स्तायोला तेव्हा जेमतेम आठ वर्षांचा होता. दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिका यांना धंदेवाईक नट नको होते. वडिलांच्या भूमिकेसाठी त्यांनी लांबेर्तो माज्जोरानी या कारखान्यातील कामगाराला घेतले. मुलगा मात्र चित्रीकरण सुरू झाले तरी मिळत नव्हता. शाळेतून घरी निघालो असताना एक मोठी मोटार आपल्या मागोमाग हळूहळू येत होती, असे एन्झोने पुढे मुलाखतीत सांगितले. दे सिकांना भावली ती त्याची चाल.

ती चाल आता पाहा. वडील ढांगा टाकत पुढे जातात आणि ब्रूनो अर्धा चालत, अर्धा पळत त्यांना गाठतो, मान वर करून त्यांचा चेहरा न्याहाळतो आणि पुन्हा मागे पडतो. गुरुजी माइकवरून संवाद मराठीत सांगत होते. या ठिकाणी ते थांबले, कारण सांगण्यासारखे काही उरले नव्हते.

रडण्याचा प्रसंग मात्र सहज साधला नाही. एन्झोच्या खिशात सिगारेटची थोटके गुपचूप घालून, थोटके वेचणारा म्हणून त्याला सर्वांदेखत हिणवले गेले आणि तो रडू लागताच कॅमेरा सुरू झाला, असे सांगितले जाते. चित्रपट थोर आहे; तरीही लहान मुलाकडून असे अश्रू काढून घेणे आम्हाला पटत नाही.

१९५२ साली मुंबईतील आंतरराष्ट्रीय महोत्सवात दिग्दर्शक बिमल रॉय यांनी हा चित्रपट पाहिला आणि पुढच्याच वर्षी त्यांचा ‘दो बिघा जमीन’ आला. त्यात कर्जापायी गाव सोडून कलकत्त्याला जाणाऱ्या शेतकऱ्याच्या मुलाचे काम रतनकुमारने केले. उचल घेऊन गाव सोडणाऱ्यांच्या या मुलांना तोही चित्रपट दाखवायला हवा, आणि तो वर्षातून एकदा पाहुण्यासारखा येऊन जाणारा नव्हे, तर शाळेच्या कपाटात कायमचा असायला हवा.

एन्झोने आणखी काही चित्रपट केले, मोठेपणी गणित शिकवले, सरकारी भूमापन कार्यालयात नोकरी केली आणि जून २०२५ मध्ये, वयाच्या ८५ व्या वर्षी, रोममध्येच त्याचे निधन झाले. चेहऱ्याला खरचटले तर चित्रीकरण अडेल म्हणून लहानपणी मित्रांबरोबर खेळताही आले नाही, असे त्याने म्हटले होते.

चित्रपट संपल्यावर मुलांनी तो चालण्याचा भाग पुन्हा लावायला सांगितला. गुरुजींनी चित्रपट मागे नेला.