एक देश, दोन बातमीपत्रं : बेल्जियमची प्रसारमाध्यमं

मंडळी, बहुभाषिक देशातल्या प्रसारमाध्यमांचा विषय निघाला की आपली चर्चा बहुतेक वेळा भाषांतरापाशी येऊन थांबते. बातमी सगळ्यांना आपापल्या भाषेत मिळाली की प्रश्न सुटला, असं आपण धरून चालतो. आकाशवाणीचा कारभार अनेक दशकं याच समजुतीवर चालला. दिल्लीच्या वृत्तकक्षात सामायिक मजकूर तयार व्हायचा आणि मराठीसह इतर भाषांचे विभाग तो आपापल्या भाषेत आणून वाचायचे. बेल्जियमने नेमका उलटा रस्ता धरला. तिथे प्रत्येक भाषेचा वृत्तकक्षच वेगळा आहे. त्यातून काय झालं, ते आज पाहू.

देश लहान. क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या एक दशांश, लोकसंख्या सव्वा कोटीच्या आत. उत्तरेला डच बोलणारा फ्लँडर्स, दक्षिणेला फ्रेंच बोलणारा वॅलोनिया. राजधानी ब्रसेल्स कायद्याने द्विभाषिक, पण चहूबाजूंनी फ्लँडर्सने वेढलेली. पूर्वेला जर्मनीच्या सीमेवर नऊ नगरपालिकांचा जर्मनभाषक पट्टा आहे, तिथे जेमतेम 80 हजार माणसं राहतात. भाषासीमा 1962-63 च्या कायद्यांनी कायमची आखली गेली. त्याआधीच, 1961 मध्ये, जनगणनेत भाषा विचारणं बंद करण्यात आलं होतं. त्यामुळे कुठली भाषा किती जण बोलतात याचा अधिकृत आकडा 1947 नंतर निघालेलाच नाही. एखादं चॅनेल नेमकं किती जणांसाठी आहे, हा प्रश्नसुद्धा तिथे अंदाजानेच सोडवावा लागतो.

सार्वजनिक रेडिओ 1930 च्या कायद्याने आला, तेव्हा संस्था एकच होती. 31 ऑक्टोबर 1953 ला दूरचित्रवाणी सुरू झाली ती मात्र पहिल्या दिवसापासून दोन कार्यक्रमसेवा घेऊनच. तंत्रज्ञही एका मानकावर आले नाहीत. पडद्यावरचं चित्र आडव्या रेषांनी बनतं; डच सेवा 625 रेषांच्या चित्रावर गेली, कारण हॉलंड आणि बहुतेक युरोप तिकडे निघाला होता. फ्रेंच सेवेने 819 रेषा घेतल्या, कारण पॅरिसचे कार्यक्रम तसे येत. शिवाय बेल्जियमचे चॅनेल-पट्टे 7 मेगाहर्ट्‌झचे, म्हणून ही दोन्ही मानकं थोडी बदलून वापरावी लागली. परिणामी ज्याला आपल्या देशाचे दोन्ही आणि शेजारच्या देशांचेही कार्यक्रम हवेत, त्याला चार मानकं समजणारा सेट घ्यावा लागे. असा सेट अर्थातच महाग. हा प्रकार 1960 च्या दशकाच्या उत्तरार्धापर्यंत चालला.

पुढची पायरी 1960 ची. डच आणि फ्रेंच प्रसारणसंस्था कायद्याने वेगळ्या झाल्या, काही तांत्रिक सेवा तेवढ्या सामायिक राहिल्या. 1970 नंतरच्या घटनादुरुस्त्यांनी प्रसारण हा विषयच केंद्राकडून काढून भाषिक समाजांकडे, म्हणजे त्या त्या भाषकांच्या स्वतंत्र सरकारांकडे दिला. 1977 मध्ये जर्मन भाषकांची बीआरएफही स्वतंत्र झाली. आज डचसाठी व्हीआरटी, फ्रेंचसाठी आरटीबीएफ आणि जर्मनसाठी बीआरएफ आहे. प्रत्येकाचं सरकार वेगळं, पैसा वेगळा, करार वेगळा आणि नियामकही वेगळा. ब्रसेल्सच्या द्विभाषिक प्रसारणासाठी मात्र केंद्राची दूरसंचार संस्था नियामक आहे. संपूर्ण देशाची अशी प्रसारणसंस्था बेल्जियममध्ये एकही नाही. व्हीआरटी आणि आरटीबीएफ अर्धशतक ब्रसेल्सच्या रेयर्स भागात एकाच आवारात नांदल्या. तिथेही आता दोघींनी आपापल्या नव्या इमारतींचं काम हाती घेतलं.

आता जरा जवळून पाहू. संध्याकाळी सातला व्हीआरटीचं मुख्य बातमीपत्र लागतं, साडेसातला आरटीबीएफचं. समजा, एका फ्रेंचभाषक मंत्र्याने 12 सेकंदांचं महत्त्वाचं वाक्य बोललं. व्हीआरटी ते उपशीर्षकं लावून दाखवते. एका वेळी पडद्यावर दोन ओळी, ओळीत साधारण 40 अक्षरं, आणि त्या वाचायला सहा सेकंद. म्हणजे 12 सेकंदांत 160 अक्षरं, पंचवीसेक शब्द. मंत्री तेवढ्या वेळात सहज 35 शब्द बोलतो. जवळजवळ तिसरा हिस्सा कापावा लागतो, आणि कात्री पहिल्यांदा लागते ती ‘परंतु’, ‘काही बाबतींत’, ‘शक्य झाल्यास’ असल्या शब्दांना. मंत्र्याने जपून केलेलं विधान पडद्यावर ठाम होऊन उतरतं. ही चूक कुणी मुद्दाम करत नाही. जागाच तेवढी असते.

आरटीबीएफची पद्धत वेगळी. डच बोलणारा मंत्री सेकंदभर ऐकू येतो, मग त्याचा आवाज खाली जातो आणि वर फ्रेंच निवेदन चढतं. निवेदन उशिरा सुरू करून आधी संपवायचं असल्याने इथेही दहाच सेकंद हाताशी राहतात. पण खरं नुकसान कापण्यात नाही. उपशीर्षकं वाचणाऱ्या फ्लेमिश, म्हणजे फ्लँडर्समधल्या, प्रेक्षकाच्या कानावर रोज थोडं फ्रेंच पडतं. वॅलोनियातल्या प्रेक्षकाला डच ऐकू येते ती एखाद्या सेकंदाची पुटपुट म्हणून. वर्षानुवर्षं असंच चाललं तर ती भाषा परकीच वाटत राहणार. माझ्या मते आरटीबीएफने निदान मुख्य बातमीपत्रात तरी उपशीर्षकांकडे वळावं. त्यात फार मोठा खर्च नाही.

यातून आणखी एक गोष्ट होते. निवेदन चढवायला वेळ लागतो, म्हणून थेट मुलाखतीसाठी चांगलं फ्रेंच बोलणारा फ्लेमिश नेताच शोधला जातो. असे नेते मोजके. तेच चेहरे पुन्हा पुन्हा दिसतात आणि दक्षिणेतल्या प्रेक्षकाचं फ्लँडर्सबद्दलचं मत त्या चार-दोन माणसांवरून बनतं.

मात्र सगळा दोष वृत्तकक्षाच्या माथी मारणं अन्यायाचं होईल. राजकीय पक्षच भाषेवर फुटले. ख्रिश्चन डेमोक्रॅट 1968 मध्ये, लिबरल 1972 मध्ये, समाजवादी 1978 मध्ये. पीटीबी-पीव्हीडीए हा डावा पक्ष तेवढा आजही दोन्ही भाषांत एकच आहे. मतदारसंघ प्रांतनिहाय आहेत, म्हणून दक्षिणेतल्या ल्येज शहराच्या मतदाराला उत्तरेतल्या अँटवर्पच्या उमेदवाराला मत देताच येत नाही. मग ल्येजच्या प्रेक्षकासमोर अँटवर्पच्या उमेदवाराची वादचर्चा कशासाठी ठेवायची? संपादकाच्या जागी कुणीही असता तरी हेच म्हणाला असता. निवडणुकीच्या काळात एकाच संसदेसाठी दोन वेगळे प्रचार चालतात, आणि निकालानंतर त्याच दोन बाजूंना एकत्र बसून सरकार बनवावं लागतं. 2010-11 मध्ये त्याला 541 दिवस लागले. एवढ्या दिवसांचं खापर एकट्या माध्यमांवर फोडता येणार नाही. पण प्रचारात जे मुद्दे एका बाजूला कुणी ऐकलेच नव्हते, ते वाटाघाटीच्या टेबलावर अचानक समोर येतात, हेही खरं.

अतिउजव्या पक्षांना वागवण्याची रीतही दोन्हीकडे वेगळी आहे. फ्रेंच प्रसारणसंस्था त्यांना थेट प्रक्षेपणात बोलू देत नाहीत. वक्तव्य आधी रेकॉर्ड होतं, तपासलं जातं आणि संदर्भासह दाखवलं जातं. व्हीआरटी त्यांच्या उमेदवारांना चर्चेला बोलावते. 9 जून 2024 च्या निवडणुकीत फ्लेमिश अतिउजवा पक्ष मतांच्या हिशेबात देशात दुसरा आला. उत्तरेकडे लोकांनी त्याला प्रचारभर ऐकलं होतं. दक्षिणेकडे त्याच्याबद्दल पुष्कळ ऐकलं होतं, त्याला स्वतःला जवळजवळ नाही.

या सगळ्याची कसोटी 13 डिसेंबर 2006 ला लागली. आरटीबीएफने संध्याकाळी चालू कार्यक्रम थांबवून बातमी दिली की फ्लँडर्सने स्वातंत्र्य जाहीर केलं आणि राजा देश सोडून गेला. सगळं रचलेलं होतं. नेहमीचाच निवेदक, नेहमीचाच स्टुडिओ. पुष्कळ प्रेक्षकांनी ते खरं मानलं. हे काल्पनिक आहे अशी पट्टी मंत्र्यांच्या सांगण्यावरून पडद्यावर आली तोवर अर्धा तास उलटला होता. लोक भोळे होते, असं मी म्हणणार नाही. ब्रसेल्समध्ये केबलवर दोन्ही भाषांची चॅनेलं दिसतात. व्हीआरटी लावली असती तर तिथे नेहमीचे कार्यक्रम चाललेले दिसले असते. शहानिशा एका बटणावर होती, पण ते बटण दाबायची सवय फार थोड्यांना होती. फ्रेंचभाषक घरांत दुसरं चॅनेल लावायचं तर बहुधा फ्रान्सचं लागतं. पॅरिसचं राजकारण त्यांना चांगलं ठाऊक असतं, फ्लँडर्समधल्या गेंटचं नसतं.

सामायिक काम चालतं तिथे वाचकांची गरजही सामायिक असते. ‘बेल्गा’ ही वृत्तसंस्था 1920 पासून आहे आणि डच व फ्रेंच दोन्ही कक्ष चालवते. ‘द टेइड’ आणि ‘लेको’ ही अर्थविषयक दैनिकं एकाच प्रकाशनगृहाची, कारण ब्रसेल्सच्या शेअर बाजारात भाव भाषेनुसार बदलत नाहीत. 2015 पासून ‘दारदार’ हे संकेतस्थळ फ्लेमिश वृत्तपत्रांतले लेख फ्रेंचमध्ये आणतं. काम मोलाचं आहे, पण ते वाचायला येतो तो आधीच उत्सुक असलेला वाचक. बातमीपत्रासमोर बसलेला कुतूहल नसलेला प्रेक्षक तिथे येत नाही, आणि गरज आहे ती त्याच्यापर्यंत पोहोचण्याची.

म्हणूनच माध्यमांचा उपाय मला मतपेटीत दिसतो. 2007 मध्ये ‘पाविया गट’ या दोन्ही भाषांतल्या अभ्यासकांच्या गटाने सुचवलं होतं की संसदेच्या 150 जागांपैकी 15 जागा संपूर्ण देशाच्या एकाच मतदारसंघातून निवडाव्यात. तसं झालं तर अँटवर्पच्या उमेदवाराला ल्येजमध्ये मतं मागावी लागतील, आणि आरटीबीएफला त्याला बोलवावंच लागेल. व्हीआरटीलाही दक्षिणेकडच्या उमेदवारांची वादचर्चा उपशीर्षकं लावून रात्री आठला दाखवावी लागेल. ती सूचना अजून अमलात आलेली नाही.