धुऱ्यापलीकडचा माणूस

(गावच्या वाचनालयात हिवाळ्यात दिलेले व्याख्यान. लिहून काढताना थोडे सावरले आहे.)

जय भीम, रामराम, आणि आमच्या ख्रिस्ती मंडळीतल्या लोकांना सलाम. कापूस वेचणीचे दिवस आहेत, दिवसभर कमरेला ओटी बांधून तुम्ही थकून आला आहात, तरी बसलात. येताना एकानं मला फाट्यावर अडवून विचारलं, "गुरुजी, चर्चमधल्या गान्याचा अन् पिच्चरमधल्या मारामारीचा काय संबंध हो?" मला हा संबंध पुस्तकात सापडला नाही. तो माझ्या लहानपणी एका धुऱ्यावर, म्हणजे दोन वावरांमधल्या बांधावर सापडला, तेव्हा तिथूनच सांगतो.

आमच्या मंडळीत दोन चुलतभाऊ होते. वावरं लागून. थोरल्यानं दरवर्षी वखरताना धुरा थोडा थोडा खाल्ला. धुरा कसा खातात हे इथं कुणाला सांगायला नको. पाचेक वर्षांत पऱ्हाटीची दोन तासं, म्हणजे कपाशीच्या दोन ओळी, इकडची तिकडे झाली. एका सकाळी धाकट्यानं आडवं येऊन विचारलं, आणि थोरल्यानं बंडीची उभारी, तो उभा लाकडी दांडा, उपसून त्याच्या खांद्यावर घातली. हाड मोडलं. ते बसलं, पण वाकडं बसलं, आणि डावा हात पुन्हा कधी खांद्याच्या वर गेला नाही. कापूस दोन्ही हातांनी वेचायचा असतो. हा एका हातानं वेचायचा. बायकांची ओटी तीनदा रिकामी व्हायची तेव्हा याची एकदा. हे मी रोज शाळेत जाताना पाहिलं आहे.

वर्षभरानं उपवासाच्या दिवसांत प्रार्थनासभा झाली. थोरला उठला, साक्ष दिली, रडला. मी पापी होतो, प्रभूनं माझं ओझं उचललं, मी मोकळा झालो, असं म्हणाला आणि त्यानं गाणं धरलं. आवाज फार गोड होता त्याचा. पेटी, खंजिरी, झांजा, सगळी मंडळी त्याच्यामागे गाऊ लागली. माझी आईसुद्धा डोळे पुसत होती. मागच्या सतरंजीवर धाकटा बसला होता. तो उठला, उजव्या हातानं चपला उचलल्या आणि निघून गेला. दारात माझे आबाजी उभे होते. त्यांना एवढंच म्हणाला, "देवानं याले माफ केलं म्हनते. मले कोनी इचारलं?"

मी आज जे काही बोलणार आहे ते या एका प्रश्नावरच.

आपली मराठी ख्रिस्ती गीतं या मातीत कशी रुजली ते आधी सांगतो, कारण त्यांच्यावर माझा जीव आहे. कवी नारायण वामन टिळक कोकणातल्या करजगावचे, जन्म १८६१ चा. पण त्यांच्या आयुष्याला वळण लागलं ते आपल्या मुलखात. नागपूरला अप्पासाहेब बुटींकडे ते ग्रंथांचं काम करत होते. पुढे राजनांदगावच्या आगगाडीत एक गोरा प्रवासी भेटला, बोलणं झालं, त्यानं बायबल दिलं. १० फेब्रुवारी १८९५ ला मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला. घरावर काय कोसळलं ते त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंच्या 'स्मृतिचित्रां'त वाचा. या वाचनालयात प्रत आहे, आजच नाव लिहून घेऊन जा. टिळकांनी मंडळीला विलायती चालींतून सोडवलं. अभंग, ओवी, कीर्तन चर्चमध्ये आणलं. आपण तुकारामाच्या पुलावरून ख्रिस्तापाशी आलो असं ते सांगत. म्हणून आजही 'उपासना संगीत' हे गीतांचं पुस्तक उघडून आमच्या बाया गायला लागल्या की रस्त्यानं जाणारा वारकरी क्षणभर थांबतो. त्याला चाल ओळखीची वाटते.

या गाण्यांतला पापी कोण असतो? 'मी' असतो. क्षमा करणारा 'तू'. मी आणि तू, दोघंच. ही या गाण्यांची ताकद आहे. दारूत बुडालेला माणूस, जगानं टाकलेली बाई, कुष्ठरोगानं घराबाहेर काढलेला माणूस, यांना कुणीतरी 'तू' म्हणणारं मिळालं. मी ते लहान समजत नाही. पण धाकटा त्या गाण्यात कुठं बसणार? त्याच्यासाठी ओळच नाही.

हे आजचं नाही. बायबलातल्या स्तोत्रसंहितेतलं एक्कावन्नावं स्तोत्र घ्या. पश्चात्तापाचं सगळ्यात मोठं गाणं, दाविदाच्या नावावर आहे. दावीद राजानं आपल्याच शिपायाची, उरीयाची, बायको घेतली आणि उरीयाला लढाईत पुढे धाडून मारवलं. स्तोत्रात तो देवाला म्हणतो, मी पाप केलं ते तुझ्याविरुद्ध, फक्त तुझ्याविरुद्ध. चाळीस वर्षं मी हे स्तोत्र म्हणतो आहे आणि त्या ओळीशी अडखळतो. अरे, आणि उरीया? त्याची बायको बथशेबा? तिला तर कुणी एक शब्द विचारला नाही.

पण हे लक्षात घ्या की बायबल उरीयाला विसरत नाही. स्तोत्राच्या आधीची हकिकत वाचा. नाथान संदेष्टा राजाकडे येतो आणि एका गरिबाच्या एकुलत्या एक मेंढीची गोष्ट सांगतो. ती त्याच्या ताटातलं खायची, त्याच्या कुशीत निजायची. श्रीमंतानं तीच ओढून नेऊन कापली. दावीद संतापून म्हणतो, त्यानं चौपट भरून द्यावं. मग नाथान म्हणतो, तो माणूस तूच. चौपट हा आकडा लक्षात ठेवा. मोशेच्या नियमशास्त्रात चोरून कापलेल्या मेंढराचा दंड चार मेंढरं. पुढे जक्कय, तो जकातदार, उंबराच्या झाडावर चढलेला. येशू त्याच्या घरी जातो तेव्हा जक्कय गाणं म्हणत नाही. ज्याचं लुबाडून घेतलं त्याला चौपट परत देतो, असं म्हणतो. तारण या घराला आलं हे वाक्य त्यानंतरचं आहे.

आणखी एक गाणं, जगभर गायलं जातं, मराठी मंडळ्याही गातात. 'अमेझिंग ग्रेस'. लिहिणारा जॉन न्यूटन हा गुलामांच्या जहाजावरचा माणूस. १७४८ च्या वादळात जहाज बुडता बुडता वाचलं, तेव्हा त्यानं देवाला हाक मारली. आमच्याकडे साक्षीत गोष्ट इथंच संपवतात. वादळ, हाक, तारण. पण नंतर काय झालं? १७५० ते १७५४ तो गुलामांच्या जहाजांचा कप्तान होता. वर तो प्रार्थना करायचा आणि खाली माणसं साखळीनं बांधलेली असायची. गाणं लिहिलं १७७२ च्या अखेरीस, पुस्तकात छापलं गेलं १७७९ ला. त्यात हरवलेला 'मी' आहे, आंधळा 'मी' आहे. खालच्या तळघरातलं एकही माणूस नाही. त्यांच्याबद्दल त्यानं उघड लिहिलं १७८८ मध्ये, कप्तानकी सोडून चौतीस वर्षं झाल्यावर. त्या पत्रकात त्यानं कबूल केलं की या धंद्यात आपला हात होता आणि ही कबुली उशिराची आहे. मग त्यानं या व्यापाराच्या सरकारी चौकशीपुढे साक्ष दिली. १८०७ मध्ये इंग्लंडनं तो व्यापार कायद्यानं बंद केला आणि त्याच वर्षी तो वारला. मला त्या पत्रकाचा न्यूटन गाण्यातल्या न्यूटनपेक्षा जवळचा वाटतो. त्याला धुऱ्यापलीकडचा माणूस दिसला. उशिरा दिसला, पण दिसला.

आता सिनेमा. सिनेमा पाहून पोरं बिघडतात असं म्हणायला मी आलेलो नाही. उभारी उपसणाऱ्यानं तोवर एकही सिनेमा पाहिला नव्हता. आणि पहिला खून वावरातच झाला. बायबलातला काइन शेतकरी होता, भावाला शेतात नेऊन मारलं. तुझ्या भावाचं रक्त जमिनीतून ओरडतं आहे, असं देव त्याला म्हणतो. सिनेमाबद्दल माझी तक्रार वेगळी आहे. तो ओरडा ऐकू येऊ नये इतका मोठा त्याचा बाजा असतो.

जत्रेत टुरिंग टॉकीज यायची तेव्हापासून मी मारामारीचे सिनेमे पाहतो आहे आणि पोटभर टाळ्या वाजवल्या आहेत. आता माझा नातू मोबाईलवर तेच पाहतो. परवा त्याच्याशेजारी बसून मोजलं. एका मारामारीत बावीस माणसं पडली. त्याला विचारलं, यातला निळ्या सदऱ्यावाला कोण होता रे? "गुंडा," म्हणाला. नाव काय? त्याला नाव नव्हतं. घरी कुणी वाट पाहत होतं का? तो माझ्याकडे बघतच राहिला. कॅमेरा मारणाऱ्याच्या खांद्यावर बसलेला असतो. हाड मोडल्यावर ते वाकडं बसतं आणि मग माणूस एका हातानं कापूस वेचतो, हे दाखवायला सिनेमा थांबत नाही. चर्चमधल्या गाण्याचं आणि सिनेमाचं नातं मला इथं दिसतं. एक पाप्याकडून देवाकडे धावतं, दुसरं मारण्याकडून सूडाकडे. मार खाल्लेला दोघांच्याही वाटेत मागे सुटतो.

पण सगळे सिनेमे तसे नाहीत. नागराज मंजुळेंच्या 'सैराट'चा शेवट, २०१६ चा, तुम्ही सगळ्यांनी पाहिला आहे. मारणं दाखवलेलं नाही. आवाज बंद होतो. लेकरू घरात येतं, रडतं, आणि बाहेर पडताना त्याच्या पावलांचे लाल ठसे उमटतात. तालुक्याच्या टॉकीजमध्ये गाण्यांवर पडद्यापुढे नाचणारी पोरं त्या वेळी चपला शोधत मुकाट बाहेर आली. मी त्यांच्यामागेच होतो.

'दयासागर'ही तसाच. मूळ तेलुगू, १९७८ चा, येशूच्या जीवनावरचा. गावोगाव पांढऱ्या चादरीवर दाखवायचे. आमच्याकडे शाळेच्या भिंतीला चादर बांधली होती, वाऱ्यानं ती हलायची आणि क्रूसही हलायचा. खिळे ठोकताना बाया तोंडाला पदर लावून रडत होत्या. त्या दिवशी मला पहिल्यांदा उमगलं की "हे बापा, त्यांना क्षमा कर" हे वाक्य बोलणारा कोण आहे. ज्याच्या हातात खिळा घुसला, तो. त्याचा अधिकार आहे. माझ्या चुलत्याला मारणाऱ्याला मी क्षमा करून टाकतो, असं मी म्हणालो तर मला कुणी विचारावं, तू कोण?

म्हणून एक गोष्ट दुखून बोलतो. आमच्या मंडळ्यांत नवऱ्याच्या माराचा निळा डाग गालावर घेऊन आलेल्या बाईला, सातांच्या सत्तर वेळा क्षमा कर, असं सांगणारे मी ऐकले आहेत. तिनं गाणं म्हणायचं, आणि त्यानं घरी जाऊन पुन्हा हात उचलायचा. क्षमा ही तिच्याकडून वसूल करायची पट्टी नाही. हे चर्चमध्ये चालतं आणि बाहेरही चालतं, पण मी चर्चचा आहे म्हणून आधी आमचं सांगतो.

इथं बसलेल्या बौद्ध बांधवांना अंगुलीमाल ठाऊक आहे, माणसं मारणारा दरोडेखोर. तो भिक्खू झाला, बुद्धांनी त्याला पदरात घेतलं. पण भिक्षेला निघाला की लोक ढेकळं, काठ्या, दगड मारत. डोकं फुटून, पात्र मोडून, चीवर फाटून तो परत यायचा, आणि बुद्ध त्याला सोसायला सांगत. त्या कथेनं गावाचं दुःख पुसलं नाही. हे मला फार मोठं वाटतं.

'द मिशन' हा १९८६ चा इंग्रजी सिनेमा. दक्षिण अमेरिकेत गुआरानी लोकांना पकडून विकणारा एक माणूस रागात आपल्या भावाला मारतो. मग प्रायश्चित्त म्हणून आपली चिलखतं, तलवारी जाळ्यात बांधून धबधब्याच्या कड्यावरून ओढत वर नेतो. सोबतचा पाद्री एकदा ते ओझं कापतो, तर हा खाली जाऊन पुन्हा बांधून घेतो. वर पोचल्यावर एक गुआरानी सुरी घेऊन धावत येतो. आधी गळ्याला लावतो. मग दोर कापतो. ज्यांची शिकार केली त्यांच्यातल्या एकानं कापल्यावरच तो रडतो.

आणि हे सिनेमातच घडतं असं समजू नका. आपल्या शेजारी मध्य प्रदेशात, देवास जिल्ह्यात, सिस्टर राणी मारिया गरिबांसाठी काम करत होत्या. २५ फेब्रुवारी १९९५ ला बसच्या प्रवासात त्यांना भोसकून मारलं. २००२ मध्ये त्यांची धाकटी बहीण, तीही सिस्टर, इंदूरच्या तुरुंगात गेली आणि मारणाऱ्याच्या हाताला तिनं राखी बांधली. तिला सात वर्षं लागली. ती क्षमा तिची होती, कुणी तिच्याकडून मागून घेतलेली नव्हती.

धुऱ्याचं राहिलं. आबाजींनी दारातला तो प्रश्न पाळकसाहेबांना सांगितला. पुढच्या प्रभुभोजनाच्या आधी पाळकसाहेबांनी मत्तयाचं वचन वाचलं. वेदीपाशी आल्यावर भावाच्या मनात तुझ्याविषयी काही आहे हे आठवलं, तर दान तिथंच ठेव, आधी जाऊन समेट कर. थोरला त्या दिवशी भाकर न घेता घरी गेला. उन्हाळ्यात त्यानं स्वतः पैसे भरून मोजणी आणली, धुऱ्याचे दगड मागे सरकवले. दोन तासं गेली, मोजणीत आणखी अर्ध निघालं, तेही सोडलं. वेचणीला आपली दोन पोरं धाकट्याच्या वावरात पाठवू लागला. त्यांना मजुरी घ्यायची नाही असं सांगितलं होतं.

किती वर्षं गेली. मी नोकरी लागून परगावी गेलो, नाताळात घरी आलो तेव्हा दोघंही सभेत होते. थोरला गात होता, धाकटा मागच्या सतरंजीवर. सभा सुटल्यावर मी त्याला विचारलं, बाबाजी, केलं का माफ? त्यानं उजव्या हातानं डावा हात उचलून मांडीवर नीट ठेवला. म्हणाला, "माफ नाई केलं अजून. पन आता तो गाते तं मी उठून नाई जात."