पाहुण्यांना न दिसणारं रानमांजर

श्रोतेहो, नमस्कार.

स्कॉटलंडच्या डोंगराळ उत्तर भागात, किनक्रेग या खेड्याजवळ हायलँड वाइल्डलाइफ पार्क आहे. १९७२ साली तो सुरू झाला तेव्हाचा विचार साधा होता : स्कॉटलंडच्या मातीतलेच प्राणी इथे ठेवायचे. आज तिथल्या रानात असलेले, आणि लांडगा, लिंक्स यांच्यासारखे पूर्वी असलेले पण माणसाने संपवलेलेही. पुढे त्यात थंड मुलखांतल्या इतर प्राण्यांची भर पडली. डिसेंबर २०१७ मध्ये तिथे ध्रुवीय अस्वलाचं पिल्लू जन्मलं. ब्रिटनमध्ये पंचवीस वर्षांत असं घडलं नव्हतं. हेमिश नावाच्या त्या पिल्लाला पाहायला लोकांची रीघ लागली.

मला मात्र आज बोलायचंय ते स्कॉटिश रानमांजराबद्दल. दुरून ते घरच्या पट्टेरी बोक्यासारखंच वाटतं. ओळखायचं असेल तर शेपटी पाहावी. ती जाडजूड, झुबकेदार असते, तिच्यावर वेगवेगळी काळी कडी असतात आणि टोक बोथट, काळं असतं. पाठीवरची काळी रेघ शेपटीच्या मुळाशीच थांबते. पुढे शेपटीवर उतरत नाही.

जंगलं तुटली, शिकार झाली, तरी हे मांजर कसंबसं तगून राहिलं. पण रानात जोडीदार मिळेना, तेव्हा ते गावातल्या मांजरांशी जुगू लागलं, आणि पिढ्यान्‌पिढ्या त्याचं रक्त पातळ होत गेलं. २०१९ साली तज्ज्ञांनी अहवालात स्पष्टच सांगितलं, की रानात उरलेली संख्या आता स्वतःच्या बळावर टिकणार नाही.

म्हणून या पार्कात एक प्रजनन केंद्र उभं राहिलं. पाहुण्यांना बघण्यासाठी काही रानमांजरं पार्कात आहेत, पण रानात सोडायच्या मांजरांकडे कुणालाही फिरकू देत नाहीत. सांभाळणारी माणसंसुद्धा त्यांच्यावर बरीचशी नजर कॅमेऱ्यातूनच ठेवतात. माणसाची सवय झालेलं मांजर रानात जगायचं नाही, हे त्यामागचं कारण. प्राणिसंग्रहालय म्हणजे दाखवण्याची जागा, हे आपल्या मनात पक्कं बसलेलं असतं. इथे सगळ्यात मोलाचं काम पडद्याआड चालतं, आणि मला ते फार मोठं वाटतं.

२०२३ साली केअर्नगॉर्म्स या डोंगराळ भागातल्या रानात १९ मांजरं सोडली गेली. त्यांच्या गळ्यात जीपीएसचे पट्टे होते. पुढच्याच वर्षी त्यांतल्या काही माद्यांना रानात पिल्लं झाली.

याच पार्कात एक दुर्मिळ माशीही वाढवली जाते, पाइन हॉवरफ्लाय. तिच्या अळ्या पाइनच्या कुजक्या खोडातल्या पाण्याच्या खळग्यात वाढतात. इथे त्यांना बरण्यांत लाकडाचा ओला भुसा घालून तसंच घर करून देतात. अस्वलासाठी जेवढी निगा, तेवढीच एका माशीसाठी!

हे दूरदेशीचं म्हणून सोडून देऊ नका. पुणे जिल्ह्यातल्या माळरानावर लांडगा आणि कुत्रा यांचा संकर झाल्याचं जनुकीय तपासणीतून सिद्ध झालं, ते याच २०२३ साली. गावाजवळ भटकी कुत्री वाढतात, माळरान आक्रसतं, लांडग्याला लांडगा भेटेनासा होतो. रानमांजराची कथा अशीच सुरू झाली होती.

स्कॉटलंडमध्ये मांजरं सोडण्याआधीपासून आसपासच्या मांजरवाल्यांना विनवलं जातं : मांजराची नसबंदी करा, लस टोचा, चिप बसवा. त्यात पैसा लागतो, चिकाटी लागते, आणि गावकऱ्यांशी दारोदार बोलावं लागतं. सासवड-जेजुरीकडच्या माळावर लांडगा लांडगाच राहायचा असेल, तर भटक्या कुत्र्यांची नसबंदी आणि लसीकरण मेंढपाळांच्या वस्त्यांपर्यंत पोहोचायला हवं. लांडगे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके उरण्याची वाट पाहण्यापेक्षा हे काम आत्ताच स्वस्तात होईल.

नमस्कार.