युबारी: आखडत गेलेले रूळ

[बर्फाने भरलेली दरी. दूरवर काही दिवे.]

जपानच्या होक्काइदो बेटावर, डोंगरांच्या चिंचोळ्या घळीत युबारी आहे. १८९२ साली इथे रेल्वे आली ती कोळशासाठी. माणसं तिच्यामागून आली. १९६०च्या सुमारास वस्ती लाखाच्या वर होती. आज सात हजारही उरलेली नाही, आणि त्यातही निम्म्याहून जास्त लोक पासष्टी ओलांडलेले.

देशाने कोळसा सोडून तेल धरलं, तशा खाणी एकामागून एक मिटल्या. एक मात्र फार क्रूरपणे मिटली. ऑक्टोबर १९८१मध्ये खाणीत वायू उसळला, आग लागली. ९३ माणसं गेली. आग आटोक्यात येईना, म्हणून बेपत्ता कामगार आत असतानाच खाणीत पाणी सोडलं. त्याआधी त्यांच्या घरोघरी जाऊन संमती मागितली गेली. त्या उंबरठ्यांवर काय बोलणं झालं असेल, याचा विचारही करवत नाही.

शेवटची खाण १९९०मध्ये थांबली. पालिकेने पर्यटनावर पैसा ओतला, कर्ज लपवलं. २००७मध्ये दिवाळखोरी अधिकृत झाली. १७१ खाटांच्या रुग्णालयाचा १९ खाटांचा दवाखाना झाला.

[गवतात बुडालेले रूळ.]

रेल्वेचं शेवटचं स्टेशनही मागे मागे येत राहिलं. आधी खाणीपाशी, १९८५मध्ये पालिकेजवळ, १९९०मध्ये एका हॉटेलच्या दारात. २०११मध्ये तिशीतले नाओमिची सुझुकी महापौर झाले. विखुरलेली कुटुंबं मोजक्या इमारतींत आणायची, म्हणजे बर्फ काढणं, पाणी पोचवणं झेपेल, असा त्यांचा हिशोब. पुढे रेल्वे बंद करा, हे त्यांनीच कंपनीला सांगितलं. बदल्यात बससेवेसाठी मदत मागितली. कठोर निर्णय. पण गाव पुन्हा भरेल अशी खोटी आशा दाखवण्यापेक्षा मला तो जास्त मायेचा वाटतो.

३१ मार्च २०१९. शेवटची गाडी सुटली.

[खाणकामगारांची जुनी चाळ. दोरीवर पिवळे रुमाल.]

१९७७च्या एका सिनेमात, तुरुंगातून परतणाऱ्या नवऱ्यासाठी बायको इथे रुमाल बांधते: मी अजून वाट पाहतेय. ती चाळ जपून ठेवली आहे. येणारे लोक पिवळ्या कागदावर दोन ओळी लिहून चिकटवतात. भिंती भरल्या, आता कागद छतावर चढलेत.